घरचे कागद आणि मोहिमेचे कागद : ‘बाजीराव मस्तानी’ ह्या बोलपटाचें परीक्षण

इतिहाससंशोधनास वाहिलेल्या त्रैमासिकांत बोलपटाचें परीक्षण यावें हें कित्येक वाचकांस विसंगत वाटेल, हें आम्ही जाणून आहों. ताम्रपट, शिलालेख, बखरी व मोडी रुमाल ह्यांचा ज्यांस व्यासंग, त्यांनीं पडद्यावरील चित्रांची दखल कां घ्यावी, असा प्रश्न ते करितील. त्यांस आमचें उत्तर इतकेंच कीं, आमच्या पालघर तालुक्यांत तारापूरचा किल्ला पाहावयास जीं तरुण मंडळी येतात, त्यांच्या मनांतील चिमाजी आप्पा रियासतींतून आलेला नसतो; तो पडद्यावरून आलेला असतो. जी गोष्ट लोकांच्या मनांत इतिहासाची जागा घेऊन बसली, तिची छाननी संशोधकांनीं न केल्यास ती कोणीं करावी ?

संजय लीला भन्साळी ह्यांचा ‘बाजीराव मस्तानी’ हा हिंदी बोलपट १८ डिसेंबर २०१५ रोजीं प्रसिद्ध झाला. त्यास आधार ना. सं. इनामदार ह्यांच्या ‘राऊ’ (१९७२) ह्या कादंबरीचा आहे. तो निघाला तेव्हां त्याजवर बरेंच काहूर उठलें. काशीबाई व मस्तानी ह्यांस एकत्र नाचविल्याबद्दल रोष झाला, आणि पेशव्यांच्या पोशाखापासून वाड्याच्या आरसेमहालापर्यंत अनेक चुका दाखविण्यांत आल्या. त्या चुकांची यादी पुनः देण्याचा आमचा विचार नाहीं. काशीबाईंच्या पायांस व्याधि होती हें ज्यानें कागदांत वाचलें आहे, त्यास तें नृत्य खटकणारच. परंतु कवीस व नाटककारास आपण जी मोकळीक देत आलों ती बोलपटकारास नाकारणें न्याय्य नव्हे. शोकपर्यवसायी कथा म्हणून जी कृति पुढें आली, तिची परीक्षा शोकपर्यवसायी कथा म्हणूनच व्हावी. आमचा आक्षेप ह्याच कसोटीवर आहे, आणि तो पोशाखाच्या चुकीहून गंभीर आहे असें आम्हांस वाटतें.

प्रथम गुण सांगतों. घरांतील न बोललेलें दुःख दाखविण्यांत हा बोलपट पुष्कळ ठिकाणीं यशस्वी झाला आहे. काशीबाईच्या भूमिकेंत प्रियांका चोप्रा ह्यांनीं जें मौन राखलें आहे, तें संवादांहून अधिक बोलतें. राधाबाईंची भूमिका तन्वी आझमी ह्यांनीं केली आहे. मुलावर जीव टाकणारी आई त्याच्याच सुखाच्या आड कशी उभी राहते, हें त्यांच्या चेहऱ्यावर स्पष्ट उमटतें. ती दुष्ट वाटत नाहीं, हें विशेष. मस्तानीच्या मुलाच्या संस्कारांस ब्राह्मण नकार देतात त्या प्रसंगीं घरांतील गुपित चव्हाट्यावर येतें, आणि सर्वांस ठाऊक असलेली परंतु कोणीं न उच्चारलेली गोष्ट उच्चारली गेल्यावर कुटुंबाची काय दशा होते, तें प्रेक्षकास कळतें. शेवटीं एकीकडे साखळदंडांत मस्तानी व दुसरीकडे नर्मदातीरीं ज्वराच्या भ्रमांत नसलेल्या शत्रूंशीं लढणारा बाजीराव, हीं दोन चित्रें शेजारीं ठेवण्यांतही कल्पकता आहे.

आतां दोष. ह्या बोलपटांत युद्ध आहे, परंतु युद्धाचा घराशीं संबंध नाहीं. लढाया येतात त्या नायकाचें शौर्य दाखविण्यापुरत्या. त्या झाल्या कीं नायक घरीं येतो आणि तेथें निराळीच कथा सुरू होते. मोहिमेंतून कोण परत आला नाहीं, कोणाच्या आईस काय पत्र गेलें, मोहिमेच्या खर्चानें व दगदगीनें घरांतील माणसें कशीं झिजलीं, ह्यांतील कांहींच घराच्या कथेंत शिरत नाहीं. म्हणून शेवटीं जें मरण येतें तें केवळ दोन प्रेमी जीवांच्या ताटातुटीचें मरण होतें. प्रेक्षकाचे डोळे पाणावतात, पण एक घराणें व एक राज्य कोणत्या गांठींत सांपडलें होतें हें त्यास उमगत नाहीं.

ह्या दोषाचें सर्वांत ठळक उदाहरण म्हणजे चिमाजी आप्पा. आईच्या व भावाच्या मध्यें उभा असलेला धाकटा भाऊ, एवढेंच काम बोलपटानें त्यास दिलें आहे. ज्या वर्षांत घरांतील हा तंटा विकोपास गेला, त्याच वर्षाच्या आरंभीं हा माणूस कोठें होता ? तो आमच्या ह्या किनाऱ्यावर होता. पोर्तुगीझांविरुद्धची वसईची मोहीम १७३७ मध्यें सुरू झाली व दोन वर्षें चालली. जानेवारी १७३९ मध्यें माहीम पडलें, आणि त्याच महिन्यांत सुरुंगांनीं तट फोडून तारापूर हल्ल्यानें घेतलें. केळवें, शिरगांव, अशेरी हीं स्थळेंही त्याच सुमारास हातीं आलीं. मे महिन्यांत वसई शरण आली. मोहिमेचा मुख्य चिमाजी आप्पा. त्याची प्रकृति मुळचीच नाजूक. त्यांत समुद्रकांठची हवा, खाजणें, व रोजची मृतांची मोजदाद. ह्याच काळांत, मार्च १७३९ मध्यें, नादिरशहा दिल्लींत शिरला. बाजीरावास उत्तरेकडे फौज हवी होती, आणि ती वसईच्या तटाखालीं गुंतून पडली होती. एका भावाची निकड दुसऱ्या भावाच्या वेढ्यांत अडकली. दोघांचा एकमेकांवरील विश्वास ढळला नाहीं, हें त्यांच्या पत्रांतून दिसतें. परंतु त्या विश्वासावर केवढा ताण पडला असेल, हेंही दिसतें.

तारापूरच्या हल्ल्यांत बाजी भिवराव रेठरेकर पडला. हा नुसता सरदार नव्हे. पेशव्यांच्या घराशीं त्याचा घरोबा होता. त्याच्या आईस पेशव्यांकडून सांत्वनाचें पत्र गेलें, तें अभ्यासकांच्या परिचयाचें आहे. त्यांत गेलेल्यास चाकर म्हणून नव्हे, घरचा माणूस म्हणून मानिलें आहे. आमच्या वाचकांस आम्ही एक प्रश्न विचारतों : हें पत्र युद्धाचा कागद कीं घरचा कागद ? त्यांत एका किल्ल्याच्या पाडावाची बातमी आहे म्हणून तें मोहिमेच्या रुमालांत ठेवावें, कीं एका आईचें सांत्वन आहे म्हणून घरगुती पुडक्यांत ? ह्या प्रश्नास उत्तर नाहीं, कारण तो प्रश्न त्या काळीं उद्भवतच नव्हता. ज्या हातानें तटावरील मोर्चांची व्यवस्था लिहिली, त्याच हातानें घरच्यांची खुशाली विचारली.

आतां त्याच वर्षाचा उत्तरार्ध पाहा. वसई घेऊन आप्पा परतला आणि कांहीं महिन्यांतच मस्तानीचें प्रकरण हातघाईवर आलें. बाजीराव निजामपुत्र नासिरजंगावरील स्वारींत असतां, १७४० च्या आरंभीं, पुण्यांत मस्तानीस कैदेंत ठेवण्यांत आलें. बाजीरावाचा मुलगा रघुनाथ ह्याची मुंज व आप्पाचा मुलगा सदाशिव ह्याचें लग्न, हीं दोन कार्यें फेब्रुवारी १७४० मध्यें पुण्यांत झालीं; बाजीराव त्यांस हजर नव्हता. शाहूमहाराजांचा कल राऊस दुखवूं नये असा होता, हेंही कागदांवरून दिसतें. पुढें मार्च महिन्यांत आप्पानें नानासाहेबांस लिहिलें. राऊचें चित्त स्वस्थ करण्याचा आपण यत्न केला, पण ईश्वरेच्छा निराळी दिसते; पुण्यास परतल्यावर तिला त्यांच्याकडे रवाना करावें, अशा आशयाचें तें पत्र आहे. परंतु परत येण्यास अवसर मिळाला नाहीं. आप्पा व नानासाहेब आंगऱ्यांच्या तंट्यापायीं कुलाब्याकडे गुंतले असतां, २८ एप्रिल १७४० रोजीं रावेरखेडी येथें बाजीराव वारला. मस्तानीही त्यामागून फार दिवस राहिली नाहीं. त्याच वर्षाच्या डिसेंबरांत आप्पाही गेला. भावामागें तो आठ महिने देखील पुरते जगला नाहीं.

तारापूर व वसई घेणारा सेनापति, आणि भावाच्या प्रिय व्यक्तीच्या कैदेंत ज्याचा हात होता व ज्याच्या मनांत शेवटीं तिची सुटका आली तो कुटुंबीय, ही एकच व्यक्ति आहे. कथेचा खरा शोक येथें आहे. ज्याच्या शब्दावर हजारों माणसें तटावर चढलीं, त्यास आपल्या घरांत एक योग्य शब्द वेळेवर उच्चारतां आला नाहीं. उच्चारला तो दुसऱ्या मोहिमेच्या आड सांपडून निष्फळ झाला. युद्धानें घरास वेळ दिला नाहीं, आणि घरानें युद्धांतून आलेल्या माणसास विसांवा दिला नाहीं. बोलपटकारानें हा मनुष्य हातीं असूनही सोडून दिला. वसई-तारापूरच्या मोहिमेस कथानकांत स्थानच न ठेवल्यामुळें त्याचा आप्पा पोकळ झाला, आणि आप्पा पोकळ झाल्यामुळें बाजीरावाच्या घरचा तंटा केवळ कर्मठपणा विरुद्ध प्रेम असा सोपा होऊन बसला.

एवढ्यावर लेखणी थांबवितां आली असती. परंतु बोलपटकारास दोष देतांना आपलेही हात पाहावे लागतात. घर व युद्ध ह्यांची ही फारकत त्यानें प्रथम केलेली नाहीं. गोविंद सखाराम सरदेसाई ह्यांच्या संपादकत्वाखालीं पेशवे दप्तरांतून निवडलेल्या कागदांचे ४५ भाग १९३० नंतरच्या कांहीं वर्षांत छापून निघाले. आपण सर्वच त्यांचे ऋणी आहों. तें काम झालें नसतें तर वर लिहिलेल्यांतलें फारसें कांहीं लिहितां आलें नसतें. त्या मालिकेंत बाजीराव व त्याचें कुटुंब हा विषय नवव्या भागांत आहे, वसईची मोहीम सोळाव्यांत आहे, आणि मोहिमेची पुरवणी चौतिसाव्यांत आहे. अफाट दप्तर अभ्यासकांच्या हातीं लवकर पडावें म्हणून विषयवार विभागणी करणें संपादकांस भाग होतें, व ती सोईचीही झाली. पण त्या सोईचा एक परिणाम असा झाला कीं, युद्धाचा अभ्यासक सोळावा भाग उघडतो व घरच्या भानगडींचा शोधक नववा. एका भागांतील तारीख दुसऱ्या भागांतील तारखेशेजारीं मांडून पाहण्याचे श्रम थोडेच घेतात. कादंबरीकार व बोलपटकार नवव्या भागाच्या वाटेनें गेले. किल्ल्यांचे इतिहास लिहिणारे सोळाव्या. माणूस मात्र दोन्ही भागांत एकच होता.

ह्या विचारास दुजोरा देणारी दुसरी एक कृति आठवते. प्रभात कंपनीचा ‘रामशास्त्री’ हा बोलपट १९४४ मध्यें निघाला. त्याचा विषय नारायणराव पेशव्याचा खून व त्याबद्दल रामशास्त्र्यांनीं रघुनाथरावास केलेला न्याय. तेथेंही घरचें गुपितच कथेच्या मुळाशीं आहे. परंतु तें गुपित न्यायासनापुढें येतें, राज्याच्या कारभाराशीं भिडतें, आणि म्हणून घर व राज्य हीं एकाच तराजूंत तोललीं जातात. त्या खुनाविषयीं ‘ध’ चा ‘मा’ केल्याची जी आख्यायिका लोकांच्या तोंडीं आहे, तिला अस्सल कागदाचा आधार नाहीं. तरीही एका अक्षराच्या फरकानें घराण्याचें व राज्याचें भवितव्य फिरतें, ही कल्पना लोकांनीं दोनशें वर्षें जपून ठेविली. घरचा कागद व राज्याचा कागद एकच असूं शकतो, ही जाण त्या आख्यायिकेंत आहे. भन्साळींच्या थाटामाटांत ती हरवली.

रघुनाथरावाचें नांव निघालें तेव्हां फेब्रुवारी १७४० मधील त्या मंगलकार्यांकडे पुनः वळूं. मुंज झाली ती रघुनाथाची. लग्न झालें तें सदाशिवाचें. आणि ज्याची आई कैदेंत होती तो समशेर, हा रघुनाथाच्याच बरोबरीचा, सहा वर्षांच्या आंतला मूल. त्या वाड्यांतील ह्या तीन मुलांचें पुढें काय झालें ? सदाशिवराव भाऊ १४ जानेवारी १७६१ रोजीं पानिपतावर पडला. समशेर बहादर त्याच रणांत जखमी झाला व भरतपूरच्या मुलुखांत वारला. ज्या घरानें त्याच्या आईस आपली म्हटलें नाहीं, त्याच घराच्या झेंड्याखालीं त्यानें प्राण दिला. रघुनाथराव मागें राहिला. ३० ऑगस्ट १७७३ रोजीं शनिवारवाड्यांत त्याच्या पुतण्याचा खून झाला. त्यानंतरच्या कलहांत इंग्रजांचें साह्य मिळविण्यासाठीं मार्च १७७५ च्या सुरतेच्या तहानें त्यानें साष्टी व वसई देऊं केली.

ही वसई कोणती ? त्याच्या चुलत्यानें दोन वर्षें झुंजून घेतलेली. तिच्या वाटेवर तारापूर, आणि तारापूरच्या तटाशीं बाजी भिवराव. पुढें १७८० च्या अखेरीस इंग्रजांनीं वसई जिंकली. १७८२ च्या सालबाईच्या तहानें ती परत आली, पण साष्टी गेली ती गेलीच. आणि ३१ डिसेंबर १८०२ रोजीं रघुनाथरावाच्या मुलानें, दुसऱ्या बाजीरावानें, ह्याच वसईंत इंग्रजांशीं तह करून स्वातंत्र्य गहाण टाकलें. १७४० च्या मुंजीमुळें १७७५ चा तह झाला असें म्हणण्याइतके आम्ही भाबडे नाहीं. इतिहासांत कारणांची सांखळी इतकी सरळ नसते. परंतु ज्या घरानें आपला तंटा न बोलतां, न मिटवितां मुलांच्या हवालीं केला, त्या घराला तो तंटा शेवटीं मुलुखानें फेडावा लागला, एवढें म्हणण्यास कागदांचा आधार पुरेसा आहे. शोकपर्यवसायी कथा नायकाच्या मृत्यूनें संपते. तिचें ऋण मात्र मागें राहिलेले फेडीत बसतात. बोलपट रावेरखेडीस संपला. आमच्या मतें खरी कथा तेथून वसईकडे परत येते.

आतां ह्या परीक्षणाचा जो भाग संग्राहकांस उद्देशून आहे तो लिहितों. कांहीं वर्षांपूर्वीं ह्याच जिल्ह्यांतील एका जुन्या घरीं मोडी कागद आहेत असें कळल्यावरून आम्ही तेथें गेलों. यजमान वयोवृद्ध व सुस्वभावी. त्यांनीं फडताळांतून रुमाल काढला, सोडला, आणि आमच्या हातीं देण्यापूर्वीं त्यांतील चार-पांच कागद शांतपणें बाजूस काढून ठेविले. “हीं आमचीं घरगुती आहेत, तुमच्या उपयोगाचीं नव्हेत,” असें ते म्हणाले. आम्हीं भीड घालून पाहिली, पण ते विनयपूर्वक नाहींच म्हणाले. उरलेल्या कागदांत जमाखर्च, एक-दोन सनदांच्या नकला व गांवच्या हद्दीचा कज्जा होता. त्यांच्या प्रती घेऊन आम्ही परतलों. पुढें यजमान वारले. दुसऱ्यांदा गेलों तेव्हां बाजूस काढलेले ते कागद कोठें गेले, तें घरांत कोणासच सांगतां आलें नाहीं.

त्या वृद्ध गृहस्थांस आम्ही दोष देत नाहीं. घराची अब्रू राखणें हा त्यांचा धर्म होता, आणि गुपित सांभाळणाऱ्याविषयीं आदर बाळगणें हा आमचा. दोष आमच्या शास्त्राच्या संवयीचा आहे. संशोधकास काय ‘उपयोगाचें’ असतें, हें त्यांस आपणच शिकविलें आहे. सनद दिसली कीं आपण पुढें सरसावतों, आणि सुनेनें माहेरीं लिहिलेलें पत्र दिसलें कीं तें पुनः रुमालांत सरकवितों. मग घरचे कागद नाहींसे होतात, आणि त्यांची रिकामी जागा भरून काढण्यास कादंबरीकार व बोलपटकार येतात. ते ती आरशांनीं व दिव्यांनीं भरतात. तेव्हां आपण त्यांजवर रागावतों.

म्हणून सुचवावेंसें वाटतें तें असें. ज्यांच्या संग्रहीं एकाच घराण्याचे कागद आहेत, त्यांनीं ते विषयवार फोडूं नयेत. ज्या क्रमानें व ज्या गांठींत ते सांपडले, त्याच क्रमानें त्यांची यादी करावी. जीं पत्रें घरच्या अब्रूस्तव आज छापतां येत नाहींत, तीं न छापतां तारीखवार नोंदून मोहरबंद ठेवावीं. पन्नास वर्षांनीं तीं कोणी उघडील. आणि जे प्रकाशित साधनांवर काम करितात, त्यांनीं नववा व सोळावा भाग एकाच मेजावर उघडून १७३७ ते १७४० ह्या चार वर्षांची एकत्र तारीखवार जंत्री करावी. हें काम मोठ्या विद्वत्तेचें नाहीं, चिकाटीचें आहे. तें झालें तर पुढचा बोलपटकार निदान अज्ञानाची सबब सांगूं शकणार नाहीं.

चिंचणीच्या ज्या मातींतून राष्ट्रकूटकालीन ताम्रपट निघाले, तिच्या शेजारींच तारापूरचा किल्ला आहे. तटाच्या आंत आज वाडी आहे. जवळच अणुवीजकेंद्र, त्यामागें बोईसरचे कारखाने; आणि कामावर जाणाऱ्या हजारों माणसांस ‘तारापूर’ म्हटलें म्हणजे तींच आठवतात. त्यांतील पुष्कळांनीं ‘बाजीराव मस्तानी’ पाहिला असेल. त्यांच्या पायाखालच्या ह्याच तटाखालीं त्या कथेचा अर्धा भाग पुरलेला आहे, हें त्यांस कोणीं सांगितलेलें नाहीं. तें सांगणें बोलपटकाराचें काम होतें. त्यानें केलें नाहीं. आतां तें आपलें आहे.